मॅसोनाइट म्हणजे दगड नव्हे

शाळेतलं परीक्षेचं पॅड आठवा. तपकिरी, गुळगुळीत, वर लोखंडी चिमटा आणि कोपऱ्यात कर्कटकने कोरलेलं कुणाचं तरी नाव. ते उलटं केलं की मागे बारीक जाळीचा ठसा दिसायचा, जणू ओल्या सिमेंटवर कुणी चाळण दाबून ठेवली होती. बीजगणिताच्या पेपरला त्या जाळीवर कागद ठेवून पेन्सिल घासण्यात माझा बराच वेळ गेलेला आहे. पॅड कशाचं असतं असं कुणी विचारलं असतं तर मी ‘पुठ्ठ्याचं’ म्हणालो असतो. ते उत्तर चुकलं असतं.

पुढे एकदा चित्रांखालच्या ओळींचं भाषांतर करत होतो. मेक्सिकोच्या फ्रिडा काहलोच्या एका चित्राखाली मी लिहिलं, ‘मॅसोनाइटवर तैलरंग’. वाचून एका मित्राने विचारलं, “हा कुठला दगड रे?” मी हसलो, कारण मॅसोनाइट म्हणजे आपल्या पॅडचाच तो तपकिरी लाकडी बोर्ड. पण मित्राचा तर्क वाटतो तितका चुकीचा नव्हता. ग्रॅनाइट दगड आहे, ग्रॅफाइट खनिज आहे, कोल्हापुराकडे बॉक्साइटच्या खाणी आहेत. शेवटी ‘आइट’ आलं की डोळ्यांपुढे खडकच येतो.

गंमत म्हणजे मॅसोनाइट नावाचं खनिज खरोखरच आहे. अमेरिकेच्या ऱ्होड आयलंड राज्यात सापडलेल्या, गडद हिरव्या, रुंद पत्र्यांसारख्या क्लोरिटॉइड खनिजाच्या एका प्रकाराला ओवेन मॅसन या गृहस्थांवरून हे नाव दिलं गेलं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या इंग्रजी शब्दकोशात हा शब्द पाहिलात तर हाच अर्थ सापडेल, कारण आपला तपकिरी बोर्ड तेव्हा जन्मालाच आला नव्हता. आज हा जुना अर्थ खनिजशास्त्रवाल्यांपुरता उरला आहे.

मग लाकडी बोर्डाला खनिजाची शेपटी का लागली? कारण कारखानदारांना ती शेपटी फार आवडायची. आल्फ्रेड नोबेलने १८६७ मध्ये स्फोटकाला डायनामाइट नाव दिलं. लिओ बेकलंडने १९०७ मध्ये शोधलेल्या प्लास्टिकला स्वतःच्या आडनावावरून बेकेलाइट म्हटलं. जुन्या काळ्या टेलिफोनचं आणि विजेच्या बटणांचं ते बेकेलाइट. ‘आइट’ लावलं की वस्तू टणक आणि शास्त्रीय वाटते, आणि जमिनीतून निघाल्यासारखी कायमचीही वाटते. मॅसोनाइट त्याच पंगतीतलं. मॅसन हे आडनाव आणि पुढे आइट. इंग्रजीत मॅसन म्हणजे गवंडी, त्यामुळे हा बांधकामातल्या गवंड्यांचा बोर्ड असावा असा दुसरा गैरसमजही होतो. गवंड्याचा इथे काही संबंध नाही.

हे मॅसन म्हणजे विल्यम एच. मॅसन. थॉमस एडिसनच्या हाताखाली काम केलेला हा इंजिनिअर पहिल्या महायुद्धानंतर मिसिसिपी राज्यातल्या लॉरेल या गावी आला. लॉरेल म्हणजे पिवळ्या पाइनच्या लाकडाचं आणि वखारींचं गाव. पाइनमधून राळ आणि टर्पेंटाइन काढण्याच्या खटपटीत तो होता. लाकूड कापताना उरणारा चुरा, फळकुटं, साली यांचे ढीग रोज त्याच्यासमोर जळायचे. त्या कचऱ्यापासून काही करता येईल का, या विचारातून १९२४ च्या सुमारास त्याने जो प्रयोग केला तो समजून घ्यायला आपल्याकडे लाह्यांचं उदाहरण तयारच आहे.

लाही कशी फुटते? दाण्याच्या आत ओलावा असतो. तापलं की त्याची वाफ होते, टरफल तिला कोंडून धरतं आणि टरफल हरलं की दाणा आतून बाहेर उलगडतो. मॅसनने लाकडाच्या ढलप्यांचं हेच केलं. एका जाड पोलादी नळकांड्यात ढलप्या भरायच्या, त्यात वाफ सोडायची आणि दाब चौरस इंचाला सुमारे १००० पौंडांपर्यंत चढवायचा. घरच्या कुकरमध्ये हा दाब साधारण १५ पौंड असतो. म्हणजे शिट्टी व्हायच्या वेळी कुकरमध्ये जे चाललेलं असतं त्याच्या साठ-सत्तर पट. काही सेकंद तिथे धरून खालचं तोंड एकदम उघडायचं. ढलप्या धडाडकन बाहेर फेकल्या जातात आणि बाहेर आल्यावर त्या ढलप्या राहिलेल्याच नसतात. आत शिरलेल्या वाफेने त्यांना धाग्याधाग्यात उसवलेलं असतं, आणि हातात कापसासारखा तपकिरी लगदा येतो. या नळकांड्याला कारखान्यात बंदूकच म्हणायचे.

आता हे धागे परत चिकटणार कसे? लाकूड म्हणजे ढोबळमानाने दोन गोष्टी: सेल्युलोजचे धागे आणि त्यांना एकमेकांना बांधून ठेवणारं लिग्निन. लाकडाच्या वजनाचा साधारण पाव भाग लिग्निनचा असतो. शेंगदाण्याची चिक्की डोळ्यांपुढे आणा. शेंगदाणे म्हणजे धागे, गूळ म्हणजे लिग्निन. चिक्की गरम केली की गूळ मऊ होतो, दाणे सुटे होतात. लाटण्याने दाबून थंड केली की पुन्हा वडी तयार. ओल्या लाकडातलं लिग्निनही उष्णतेने मऊ होतं. धाग्यांचा ओला थर सुमारे २०० अंश सेल्सियस तापलेल्या दोन पोलादी पाट्यांमध्ये प्रचंड दाबाखाली धरला की लिग्निन वितळल्यासारखं होऊन धागे घट्ट बांधतं. बाहेरून डिंक आणावा लागत नाही, झाडाचाच डिंक झाडाला पुन्हा जोडतो. (वर्तमानपत्राचा कागद पिवळा पडतो तोही याच लिग्निनमुळे, पण तो विषय वेगळा.) अनेक कारखाने पुढे थोडी राळ आणि पाणी रोखण्यासाठी मेण घालू लागले, तरी ओल्या पद्धतीचा पाया हाच राहिला.

याबद्दल एक किस्सा नेहमी सांगितला जातो. मॅसनला खरं तर उष्णतारोधक, हलका, मऊ बोर्ड बनवायचा होता. दुपारी तो जेवायला गेला. दाबयंत्राची वाफेची झडप गळकी होती, त्यामुळे यंत्र तापतच राहिलं. परत येऊन पाहतो तर आत मऊ बोर्डाऐवजी पातळ, कडक, चकचकीत पाटी. अशा किश्श्यांना जरा जपूनच हात लावावा, शोधांच्या कथांमध्ये जेवणाची सुट्टी संशयास्पद प्रमाणात कामी येते. पण तापमान आणि दाब वाढल्यावर तेच धागे मऊ बोर्डाऐवजी कडक बोर्ड होतात हे खरं आहे, आणि तिथेच या मालाचं सगळं मर्म आहे.

आता पॅडच्या मागच्या जाळीकडे. धाग्यांचा थर पाण्याने निथळत असतो. दोन्ही बाजूंनी सपाट पाट्या ठेवल्या तर वाफ अडकेल आणि बोर्ड फुगून फाटेल. म्हणून खालच्या बाजूला तारेची जाळी ठेवतात, वाफ आणि पाणी तिथून निसटतं. तिचा ठसा बोर्डावर कायमचा उमटतो. एक बाजू आरशासारखी आणि एक बाजू चाळणीसारखी, ही ओल्या पद्धतीची सही आहे. कोरड्या पद्धतीने बनवलेल्या बोर्डाच्या दोन्ही बाजू गुळगुळीत असतात.

असा बोर्ड घनमीटरला साधारण ९०० ते ११०० किलो भरतो, म्हणजे पाण्याच्याच आसपास. ज्या पाइनपासून तो होतो त्यापेक्षा कितीतरी जड. वर जवसाचं तेल चढवून भाजला की त्याचा आणखी टणक, गडद अवतार होतो, त्याला टेम्पर्ड म्हणतात. आपण जवसाची चटणी खातो, तिकडे त्या तेलात बोर्ड भाजतात.

मॅसनची कंपनी १९२५ मध्ये सुरू झाली आणि १९२८ मध्ये तिचं नाव मॅसोनाइट कॉर्पोरेशन झालं. आपल्या बोर्डाला ती बाजारात ‘प्रेस्डवुड’ म्हणायची, इंग्रजी स्पेलिंगमधली दोन अक्षरं मुद्दाम गाळून, म्हणजे नावावर हक्क सांगता येईल. मालाला नाव होतं प्रेस्डवुड, कंपनीला मॅसोनाइट. लोकांनी कंपनीचं नाव मालाला लावलं, आणि मालाचं ‘दाबलेलं लाकूड’ हे नाव हळूहळू एवढं पसरट झालं की आज अमेरिकेत त्यात भुशाचे, चुऱ्याचे, एमडीएफचे, सगळे बोर्ड येतात. शब्दांच्या बाबतीत ठरवून केलेली योजना क्वचितच टिकते.

मॅसोनाइट हे नाव इतकं पसरलं त्यामागे एक कोर्टकचेरीही आहे, आणि मला ती फार आवडते. कंपनीकडे हार्डबोर्डची, म्हणजे या कडक बोर्डाची, पेटंटं होती. प्रतिस्पर्ध्यांशी भांडत बसण्यापेक्षा तिने त्यांच्याशी करार केले. माल मॅसोनाइटच्या कारखान्यात बनायचा, प्रतिस्पर्धी तो आपापल्या नावाने विकायचे, आणि किंमत मात्र मॅसोनाइट ठरवायची. कागदोपत्री हे सगळे प्रतिस्पर्धी तिचे ‘एजंट’. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९४२ मध्ये याला किंमती ठरवून घेण्याचा डाव म्हणून बेकायदा ठरवलं. म्हणजे काही वर्षं अमेरिकेत दुकानात वेगवेगळ्या नावांनी दिसणारे बोर्ड एकाच भट्टीतले होते. मग ग्राहकाने सगळ्यांनाच मॅसोनाइट म्हटलं तर त्याचं काय चुकलं?

आपल्याला हे नवीन नाही. आपण कुठल्याही कंपनीच्या लॅमिनेटला सनमायका म्हणतो आणि कुठल्याही यंत्रावर झेरॉक्स काढतो. आमच्या आजीच्या तोंडी वनस्पती तूप म्हणजे डालडाच. मॅसोनाइटचं तेच झालं. अमेरिकी लेखनात तो शब्द आला तर बहुतेक वेळा त्या कंपनीशी काही देणंघेणं नसतं. ‘मॅसोनाइट पसरून घ्या’ असं रंगमंचाचा व्यवस्थापक म्हणतो, तेव्हा त्याला मंचावर अंथरायचे काळे रंगवलेले हार्डबोर्डचे पत्रे अभिप्रेत असतात. सामान हलवणारे लोक जिन्यावर आणि लाकडी फरशीवर तेच अंथरतात.

प्रत्येक देशाने मात्र आपल्याला पहिल्यांदा भेटलेल्या कंपनीचं नाव उचललं. स्वीडनमध्ये रुंडविक इथे १९२९ मध्ये मॅसोनाइटचा कारखाना सुरू झाला आणि तिथे ‘मासोनित’ हा घरगुती शब्द झाला. फ्रान्सने त्यालाच इसोरेल म्हटलं, पोर्तुगालने प्लातेक्स, स्पेनने ताब्लेक्स, अर्जेंटिनाने चापादुर. ब्राझीलमध्ये नीलगिरीपासून बोर्ड बनवणारी एउकातेक्स ही कंपनी निघाली आणि तिचंच नाव बोर्डाला चिकटलं. नीलगिरीचं शास्त्रीय नाव त्या शब्दाच्या पोटात आहे. इटलीत फाएसिते हा शब्द आहे, तो लोंगारोनेजवळच्या फाए नावाच्या वस्तीवरून. रशियन लोक ऑर्गालित म्हणतात. एकाच तपकिरी पाटीची ही नावं शेजारीशेजारी ठेवली की विसाव्या शतकातल्या कारखान्यांचा नकाशाच होतो.

कुठल्या देशात हा शब्द कसा ऐकू येतो, त्यात प्रेम आहे की तुच्छता, हेही बघण्यासारखं आहे. स्वीडनमध्ये मासोनित म्हटलं की जुन्या घरांवर जीव असलेले लोक कपाळाला हात लावतात. १९५० आणि ६० च्या दशकांत नक्षीदार चौकटींचे जुने दरवाजे ‘मागासलेले’ वाटू लागले, त्यावर धूळ बसते म्हणून लोकांनी हार्डबोर्डची पाटी ठोकून दरवाजे सपाट केले. ब्रिटनमध्येही त्याच काळात बॅरी बकनेल नावाचा लोकप्रिय गृहस्थ टीव्हीवरून घरदुरुस्तीचे धडे देत लोकांना हेच करायला शिकवत होता. आता त्याच घरांचे नवे मालक पकडीने एकेक चूक उपटून ती पाटी काढतात, आणि खालून अखंड जुनी नक्षी बाहेर आली की फोटो काढतात. (सुताराच्या भाषेत चूक म्हणजे बारीक खिळा. इथे दोन्ही अर्थ चालतील.)

अमेरिकेत आवाज वेगळा. तिथे मॅसोनाइट म्हणजे स्वस्त, तात्पुरतं, ‘खरं लाकूड नव्हे’, पण मंदीच्या आणि युद्धाच्या काळाची एक आठवणही. दुसऱ्या महायुद्धात सैन्यासाठी पत्र्याच्या अर्धगोल क्वॉन्सेट झोपड्या हजारोंनी उभ्या राहिल्या, त्यांना आतून याच दाबलेल्या लाकडाचं अस्तर होतं. क्वॉन्सेट पॉइंट हे ठिकाणही ऱ्होड आयलंडमध्येच, म्हणजे हिरव्या मॅसोनाइट खनिजाच्या राज्यात. योगायोग आहे, त्याहून जास्त काही नाही. पुढे घराच्या बाहेरच्या भिंतींना हार्डबोर्ड लावण्याची लाट आली. तो पाण्याने फुगू आणि कुजू लागला, आणि १९९० च्या दशकात घरमालकांनी मोठे सामूहिक दावे लावले. हार्डबोर्डचा खरा शत्रू पाणी. पृष्ठभाग तग धरतो, पण कापलेल्या कडेतून तो पाणी पितो. आपल्याकडे पावसाळ्यात देवाच्या तसबिरीमागची पाटी पोक काढते ती याचमुळे.

डॅनेलेक्ट्रो या कंपनीने १९५० च्या दशकात मॅसोनाइटच्या इलेक्ट्रिक गिटारी बनवल्या. मऊ लाकडाची चौकट, पुढे-मागे हार्डबोर्ड, आणि कडा झाकायला प्लास्टिकची पट्टी. कपाटाची पाठ असावी तशी रचना. पोरांना परवडणारी ती गिटार पुढे लेड झेपलिन या रॉक बँडच्या जिमी पेजच्या हातात गेली आणि आज जुन्या नगांना भाव आहे.

चित्रकारांना तर हा बोर्ड फारच मानवला. कॅनव्हाससारखा ताणावा लागत नाही, लाकडी फळीसारखा तडकत नाही, आणि खिशाला जड नाही. योसेफ आल्बर्सने १९५० पासून १९७६ मध्ये मरेपर्यंत चौकोनात चौकोन असलेली चित्रं काढली, ती मॅसोनाइटच्या खडबडीत बाजूवर. म्हणजे माझ्या पॅडच्या जाळीवर! पेन्सिल घासणाऱ्या मुलाला हे तेव्हा कळलं असतं तर बरं वाटलं असतं. काहलोचं ‘डिएगो आणि मी’ हे १९४९ चं चित्र न्यूयॉर्कमध्ये २०२१ च्या नोव्हेंबरमध्ये ३ कोटी ४९ लाख डॉलरला विकलं गेलं. तेही मॅसोनाइटवर, आणि आकार साधारण ३० बाय २२ सेंटिमीटर. परीक्षेच्या पॅडहून लहानच.

इथे भाषांतरकाराची अडचण सुरू होते. मराठीत काय लिहावं? माझं मत असं: चित्राच्या नोंदीत ‘मॅसोनाइट’ ठेवावं, कारण तिथे तो शब्द मालाची नेमकी नोंद आहे. शिकागोतलं ग्रँट वुडचं ‘अमेरिकन गॉथिक’ हे १९३० चं चित्र बीव्हर बोर्डवर आहे. तेही कंपनीचं नाव, आणि ते भाषांतरित करायला गेलात तर पाणमांजरासारखा दिसणारा एक प्राणी उगाच चित्रात शिरेल. पण कथेतला सुतार किंवा गॅरेजवाला मॅसोनाइट म्हणत असेल तर सरळ ‘हार्डबोर्ड’ लिहावं. मराठी वाचकाच्या मनात तीच तपकिरी पाटी उभी राहते. ‘पुठ्ठा’ मात्र नको. पुठ्ठा कागदाच्या लगद्याचा किंवा थरांचा, तो हाताने वाकतो, चुरगळतो. हार्डबोर्ड वाकतो तोही ऐटीत, आणि फार वाकवला तर काडकन मोडतो. ‘काष्ठतंतुफलक’ वगैरे घडवता येईल, कागदावर बरंही दिसेल. दुकानात जाऊन उच्चारून पाहा.

दुकानात आणखी एक घोळ असतो. तपकिरी दिसतं म्हणून एमडीएफलाही काही जण हार्डबोर्ड म्हणतात. एमडीएफमध्ये धागेच असतात, पण ते बाहेरून घातलेल्या राळेने चिकटवलेले, घनता कमी, पत्रा जाड. चुऱ्याचा बोर्ड म्हणजे पार्टिकल बोर्ड, त्याची कड पाहिली की बारीक ढलप्यांचा चिवडा दिसतो. प्लायवुड म्हणजे पातळ सालींचे आडवे-उभे थर, त्याची कड पट्ट्यापट्ट्यांची. हार्डबोर्डच्या कडेला यातलं काहीच दिसत नाही, एकसंध तपकिरी. सरकारी मानकंही वेगळी आहेत: हार्डबोर्डला आयएस १६५८, एमडीएफला आयएस १२४०६. मिस्त्रीला मानक सांगण्यापेक्षा “एक सुताचा हार्डबोर्ड, कपाटाच्या पाठीला” असं सांगा. सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग, सव्वातीन मिलिमीटरला जरा कमी. तो लगेच समजतो.

आणि दरवाजे? ज्या बोर्डाने युरोपातले नक्षीदार दरवाजे सपाट केले, तोच आता साच्यात दाबून नक्षीदार केला जातो. आपल्याकडे नव्या इमारतींत मिळणारा ‘मोल्डेड स्किन डोअर’ म्हणजे हेच. समोरून सहा चौकटींचा जुना वाडा, टकटक केलं की पोकळ. मॅसोनाइट ही मूळ कंपनीही शेवटी दरवाज्यांचीच झाली आणि २०२४ मध्ये ओवेन्स कॉर्निंग या दुसऱ्या कंपनीने ती विकत घेतली.

आमच्या न्हाणीघराचा असा दरवाजा गेल्या पावसाळ्यात खालून फुगला. मिस्त्रीने बोट दाबून पाहिलं आणि म्हणाला, “काका, हा आता बिस्किट झालाय.” तात्पुरतं ठोकायला तुकडा आणायला मी वखारीत गेलो. पत्रा हातात घेऊन सवयीने उलटा केला. मागची बाजूही गुळगुळीत.

“जाळीवाला नाही?”

“आता दोन्ही बाजू प्लेनच येतात,” दुकानदार म्हणाला. मग काहीतरी आठवून आत गेला. “जुने दोन तुकडे पडलेत. कोपरे उडालेत, चालतील?”

दरवाजासाठी एकही पुरेसा नव्हता. दोन्ही घेतले.